ताप आणि तप : तापीकाठच्या उन्हाळ्याचा इतिहास

नद्यांना नावे देताना पूर्वजांनी त्यांचा ओघ पाहिला, वळणे पाहिली, पाण्याचा रंग पाहिला. उष्णतेचे नाव अंगावर वागवणारी मोठी नदी मात्र विरळाच, आणि ती खानदेशच्या वाट्याला आलेली आहे. मध्य प्रदेशातील बैतूल जिल्ह्यात मुलताई येथे तापीचा उगम होतो. सुमारे ७२४ किलोमीटरचा प्रवास करून ती सुरतेच्या पुढे खंबातच्या आखाताला मिळते. मुलताई हे नावही ‘मूळतापी’चेच बदललेले रूप मानले जाते. परंपरेने तिला सूर्यकन्या म्हटले आहे. महाभारतातील तपती ही सूर्याची कन्या, संवरण राजाची पत्नी आणि कुरूची माता. तापीचा जन्मदिवस साजरा होतो तो आषाढ शुद्ध सप्तमीला, म्हणजे उन्हाळा सरून नदीला नवे पाणी येण्याच्या सुमारास. नाव तापाचे आणि उत्सव पाण्याचा, ही योजना ज्यांनी केली त्यांना खानदेशचे हवामान चांगले ठाऊक असले पाहिजे.

‘तप्’ या एकाच धातूपासून मराठीला केवढे शब्द मिळाले आहेत! ताप, संताप, परिताप, अनुताप, पश्चात्ताप, प्रताप, तापट, तप आणि तपस्वी. (‘तपशील’ हा शब्द मात्र या कुळातला नव्हे, तो अरबी ‘तफसील’वरून आला आहे.) अंगात भरतो तो ताप, डोक्याला होतो तोही ताप. रागाचा शेवट संतापात होतो आणि चुकीच्या जाणिवेचा पश्चात्तापात. पराक्रमाला प्रताप म्हणतात आणि आत्म्याच्या साधनेला तप. शरीराला बसणारा चटका आणि मनाची तीव्रता यांना भाषेने एकाच मुळाशी बांधून ठेवले आहे. जैन परंपरेने या नात्याचा जितका बारकाईने विचार केला, तितका क्वचितच कोणी केला असेल. खानदेशातील जैन समाजाला तर तो विचार प्रत्यक्ष पंचेचाळीस अंशांच्या उन्हात आचरावा लागला, म्हणून येथील उन्हाळ्याचा इतिहास हा एका अर्थाने तपाचाही इतिहास आहे.

भट्टीची रचना

खानदेशच्या उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला सातमाळा-अजिंठ्याची रांग, आणि मध्ये पूर्व-पश्चिम पसरलेले तापीचे खोरे. समुद्राचा गारवा येथवर पोहोचत नाही. काळी कसदार जमीन दिवसभर ऊन पिते, आणि कापूस निघून गेल्यावर उघडी पडलेली शिवारे चैत्रापासून तापू लागतात. एप्रिल-मे महिन्यांत जळगाव व भुसावळ येथे पारा अनेक वर्षी पंचेचाळीस अंशांच्या पुढे जातो आणि राज्यातील उच्चांकी तापमानाच्या बातम्यांत ही नावे ठरलेली असतात. धुळे पांझरेच्या काठी थोडे उंचावर आहे. तेथील रात्री तुलनेने सुसह्य, पण दुपार तीच. मे महिन्याच्या अखेरीस सूर्य रोहिणी नक्षत्रात गेला की ‘नवतपा’ लागतो. या नऊ दिवसांच्या नावातही पुन्हा तोच धातू आहे.

या उन्हाने खानदेशचे घर घडवले. जुन्या गावांतील धाब्याची घरे म्हणजे लाकडी सऱ्यांवर मातीचा जाड थर. दुपारची आग तो थर अडवून धरतो आणि रात्री माणसे त्याच धाब्यावर अंथरुणे टाकतात. वाळ्याचे पडदे, ओल्या फडक्यात गुंडाळलेला माठ, पहाटे उरकलेली शेतातली कामे, बारा ते चार ओस पडलेल्या पेठा या सर्व गोष्टी आलिशानपणाच्या नव्हेत, जगण्याच्या आहेत. केळीच्या बागांभोवती शेवरीचे किंवा गजराज गवताचे कुंपण करतात तेही याच शत्रूसाठी. उष्ण वाऱ्याने पाने फाटतात, घड उघडा राहिला तर करपतो. ऊन लागू नये म्हणून खिशात कांदा ठेवण्याची रीत खानदेशात सर्वश्रुत आहे. जैन घरांत कांद्याचे काम कैरीच्या पन्ह्याने, ताकाने आणि धने-जिऱ्याच्या पाण्याने भागवले, आणि त्यावाचून कोणाचे अडल्याचे दिसत नाही.

जळगावजवळच्या आसोदे गावी जन्मलेल्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांनी संसाराची गाठ चुलीवरच्या चटक्याशी घातली ती याच मुलखात. शाळेची पायरी न चढलेल्या त्या माउलीच्या कवितेचे पुस्तक १९५२ मध्ये निघाले, आणि २०१८ पासून जळगावचे विद्यापीठ त्यांचे नाव धारण करते. उष्णता सोसून काही पदरात पडते, हे येथील माणसाला ग्रंथातून शिकावे लागलेले नाही.

अग्नीच्या मध्यभागी बसलेला कमठ

मग सोसणे म्हणजेच तप काय? या प्रश्नाचे उत्तर जैन परंपरेने फार प्राचीन काळी एका कथेतून दिले. वाराणसीत कमठ नावाचा तापस पंचाग्नी साधत बसला होता. चार दिशांना चार अग्नी पेटलेले, पाचवा माथ्यावरचा सूर्य. लोक कौतुकाने पाहण्यास जमले. राजपुत्र पार्श्वकुमार तेथे आले आणि त्यांनी ज्ञानाने जाणले की जळत्या ओंडक्यात सर्प होरपळतो आहे. ओंडका चिरून पाहिला तो तसेच निघाले. कमठाचा देह खरोखर तापत होता, त्याची सहनशक्तीही खोटी नव्हती. पण त्याच्या तापात दुसऱ्या जीवाचा प्राण जात होता आणि त्याला त्याचा पत्ता नव्हता. उघड्यावर आल्यावर तो ओशाळला नाही, संतापला. तपाचा संताप झाला.

उष्णतेचे हे दोन रस्ते आगमांत वारंवार दिसतात. श्वेतांबर परंपरेच्या भगवतीसूत्रात तेजोलेश्येचे प्रकरण आहे. सहा महिने दोन-दोन उपवासांची साखळी, पारण्याला मूठभर उडीद व ओंजळभर पाणी, आणि हात उंचावून सूर्यासमोर आतापना, अशा साधनेने साधकाच्या ठायी तेज साठते. गोशालकाने ही विद्या खुद्द भगवान महावीरांकडून जाणून घेतली, आणि पुढे श्रावस्तीत त्याच तेजाने सर्वानुभूती व सुनक्षत्र या दोन मुनींना भस्म केले; भगवंतांवरही त्याचा प्रयोग केला. त्यापूर्वी एका तापसाने चिडून गोशालकावर तेजोलेश्या सोडली असता भगवंतांनी शीतलेश्येने त्याला वाचवले होते. ज्याला गारव्याने जीवदान मिळाले त्याने पुढे आग फेकली. दिगंबर परंपरा हा प्रसंग मानत नाही. तथापि तपाने शक्ती येते आणि त्या शक्तीला क्रोधाची वाट सापडू शकते, ही जाणीव दोन्हीकडे आहे. तपस्व्याच्या शेजारी राहिलेल्या कोणालाही ती पटेल. उपवासाच्या दिवशी घरात कोणाचा आवाज चढतो, हे सांगण्यास आगमाची गरज नाही.

म्हणूनच तत्त्वार्थसूत्रात तपाची मोजणी होते तेव्हा सहा बाह्य प्रकारांच्या जोडीला सहा आभ्यंतर प्रकार येतात. अनशन, अवमौदर्य म्हणजे भुकेपेक्षा कमी जेवणे, वृत्तिपरिसंख्यान, रसपरित्याग, विविक्त शय्यासन आणि कायक्लेश हे बाहेरचे. प्रायश्चित्त, विनय, वैयावृत्त्य, स्वाध्याय, व्युत्सर्ग आणि ध्यान हे आतले. कायक्लेश या बारांपैकी केवळ एक आहे. आजाऱ्याची शुश्रूषा आणि दुसऱ्यापुढे नमणे ही दोन्ही तपे आहेत, आणि ती करताना घाम येतोच असे नाही. भट्टीत सोने तापवतात ते मळ जाळण्यासाठी. भट्टी किती तापली याचे कौतुक सोनार करीत नाही.

तगरेचा अर्हन्नक

साधूला सोसाव्या लागणाऱ्या बावीस परीषहांत क्षुधा, तृषा आणि शीत यांच्यानंतर उष्ण येतो. उत्तराध्ययनसूत्राचे दुसरे अध्ययन परीषहांचेच आहे. उन्हाने व्याकूळ झालेल्या मुनीने स्नानाची इच्छा करू नये, अंगावर पाणी शिंपडू नये, स्वतःला वारा घालू नये, असे तेथे सांगितले आहे. या परीषहाचे उदाहरण म्हणून निर्युक्ती व टीकाकार जी कथा देतात ती महाराष्ट्रातील वाचकाने विशेष लक्ष देऊन वाचावी अशी आहे, कारण ती घडते तगरा नगरीत. तगरा म्हणजे आजचे धाराशिव जिल्ह्यातील तेर, असे संशोधकांनी निश्चित केले आहे. उष्ण परीषहाची आगमिक कथा मराठी मातीतली आहे, ही गोष्ट व्याख्यानांत फारशी सांगितली जात नाही.

दत्त नावाच्या वणिकाने पत्नी भद्रा आणि कोवळ्या वयाचा पुत्र अर्हन्नक यांच्यासह आचार्य अर्हन्मित्रांपाशी दीक्षा घेतली. पित्याच्या मनातले वात्सल्य दीक्षेनंतरही गेले नाही. तो स्वतः गोचरीला जाई, मुलाला कधी पाठवीत नसे. काही काळाने दत्त कालवश झाला आणि एका ग्रीष्मात इतर साधूंनी अर्हन्नकाला भिक्षेला धाडले. खाली जमीन तापलेली, वर सूर्य. पाय पोळले, डोके भणभणले. तो एका हवेलीच्या सावलीत टेकला. पती परदेशी गेलेल्या त्या घरच्या स्त्रीने त्याला पाहिले, आत बोलावले, आणि तो तेथेच राहिला. इकडे साध्वी झालेली आई वेडीपिशी होऊन रस्तोरस्ती ‘अर्हन्नक, अर्हन्नक’ म्हणत फिरू लागली. एके दिवशी त्याने तिला गवाक्षातून पाहिले. तो धावत खाली आला आणि तिच्या पायांवर पडला. संयमाचे दीर्घ पालन आपल्याने होणार नाही, पण अनशन साधेल, असे तो म्हणाला. आणि ज्या उन्हाने त्याला पाडले होते त्याच उन्हात तापलेल्या शिळेवर त्याने देह ठेवला.

या कथेवरील सज्झाय गुजराती व मारवाडी घरांत आजही म्हटली जाते. ऐकणाऱ्यांचे डोळे भरून येतात ते शेवटच्या शिळेपाशी नव्हे, आई रस्त्यात हाका मारते तेथे. टीकाकारांचे मोठेपण असे की त्यांनी अर्हन्नकाला दुबळा ठरवून सोडून दिले नाही. ज्याला सवय नाही त्याला भर दुपारी एकट्याला पाठवले, हेही त्यांनी नमूद केले. तप शिकवावे लागते आणि सोसण्यालाही पायऱ्या असतात, हे त्यातून आपोआप निघते. दीर्घ तप करणाऱ्याच्या घरी ही गोष्ट पुष्कळदा उशिरा लक्षात येते.

श्रमणांनी या मुलखातील उन्हाळे कोठे काढले असतील, याची एक खूण चाळीसगावजवळ पाटणे येथे आहे. पाटणादेवीच्या परिसरातील डोंगरात ‘नागार्जुन कोठडी’ या नावाने ओळखले जाणारे जैन लेणे आहे; १८८० च्या खानदेश गॅझेटियरमध्येही त्याचे वर्णन आढळते. याच पाटण्यातील शिलालेख भास्कराचार्यांच्या वंशजाने मठ स्थापल्याचे सांगतो, त्यामुळे गणिताच्या अभ्यासकांना ते गाव परिचित आहे. लेणे पाहण्यास मात्र थोडेच जातात. विविक्त शय्यासन, म्हणजे एकांत स्थळी राहणे, हे एक तप. पण डोंगराच्या पोटातील त्या कातळात मे महिन्यातही गारवा असतो. श्रमण ऊन सोसत, तरी ते मुद्दाम विस्तवाजवळ बसायला गेले नाहीत. कमठात आणि त्यांच्यात हा फरक होता.

तीन उकळ्यांचे पाणी

खानदेशातील आजच्या जैन वस्तीचा मोठा भाग अलीकडच्या दोन शतकांतला. १८१८ मध्ये खानदेश इंग्रजांकडे गेला, धुळे जिल्ह्याचे ठाणे झाले. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात (१८६१–६५) कापसाचे भाव चढले आणि त्याच दशकात रेल्वे भुसावळास पोहोचली. १९०६ मध्ये पूर्व व पश्चिम असे खानदेशचे दोन जिल्हे झाले, त्यांचेच पुढे जळगाव व धुळे. १९९८ मध्ये धुळ्यातून नंदुरबार वेगळा झाला. या सर्व काळात मारवाड, गुजरात व कच्छ येथून कुटुंबे येत राहिली. मारवाडातून आलेल्यांना ऊन नवे नव्हते. त्यांनी तिकडून प्याऊची रीत सोबत आणली आणि खानदेशातील पाणपोईशी ती सहज मिसळून गेली.

पाण्याबाबतचा जैन आचार उन्हाळ्यात कसाला लागतो. पाणी आधी फडक्यातून गाळायचे. फडक्यावर राहिलेले जीव जपून मूळ जलाशयात सोडायचे, आणि त्यानंतर तीन उकळ्या येईपर्यंत तापवायचे. उकळलेल्या पाण्याच्या काळाची मर्यादा परंपरेने ऋतूनुसार ठरवली आहे. पावसाळ्यात तीन प्रहर, हिवाळ्यात चार आणि उन्हाळ्यात पाच. हवा दमट असताना मुदत कमी आणि कोरडी असताना अधिक, यामागील निरीक्षण सूक्ष्म आहे. तपस्व्याच्या घरी पहाटेच मोठे पातेले चढते. ते पाणी पराती-परातींत ओतून गार करण्याचे काम बहुतेक घरांत सुनांनी व लेकींनी केले आहे. ज्याचे तप जाहीर होते त्याचा सत्कार झाला. वैशाखात चुलीपुढे उभे राहून दुसऱ्यासाठी पाणी उकळणाऱ्या बाईचे वैयावृत्त्य कोणत्याही पत्रिकेत छापले गेले नाही, आणि समाजाच्या इतिहासात ही उणीव आहे.

शरीरशास्त्राची बाजूही येथे ध्यानात घ्यावी लागते. माणसाच्या शरीराचे तापमान सुमारे सदतीस अंश. बाहेरची हवा त्याहून तापली की शरीराला उष्णता बाहेर टाकण्याचा एकच मार्ग उरतो, तो म्हणजे घामाचे बाष्पीभवन. खानदेशची हवा कोरडी, त्यामुळे घाम चटकन सुकतो. म्हणून येथील ऊन किनाऱ्यावरील घामट उकाड्यापेक्षा सुसह्य वाटते. पण त्याच कारणाने किती पाणी गेले हे कळत नाही. तिविहार उपवासात दिवसा उकळलेले पाणी घेता येते, सूर्यास्तानंतर नाही. चौविहारात तेही नाही. तेव्हा वयोवृद्ध किंवा रक्तदाबाचे, मधुमेहाचे औषध चालू असलेल्या तपस्व्याने वैद्यकीय सल्ल्यावाचून वैशाखात चौविहार उपवासांची माळ धरणे, यात शास्त्राचा आग्रह कमी आणि ईर्ष्या अधिक असण्याचा संभव असतो. शक्ती न लपवता आणि शक्ती न ओलांडता तप करावे, असाच पूर्वाचार्यांचा कल आहे. भर दुपारी तपस्व्याला रथात बसवून वरघोडा काढण्याची हौस कोणाच्या निर्जरेसाठी, हाही प्रश्न विचारण्याजोगा आहे.

धुळ्याच्या तुरुंगातील अठरा रविवार

खानदेशच्या उन्हाळ्यात झालेले एक तप जैन-अजैन सर्वांनाच वंद्य आहे. १९३२ च्या सविनय कायदेभंगात विनोबा भावे धुळ्याच्या तुरुंगात होते. २१ फेब्रुवारी ते १९ जून या काळात दर रविवारी त्यांनी सोबतच्या बंद्यांपुढे गीतेच्या एकेका अध्यायावर प्रवचन केले. अठरा अध्याय, अठरा रविवार. अमळनेरच्या शाळेतील शिक्षकी सोडून चळवळीत उतरलेले साने गुरुजी ती उतरवून घेत होते; जमनालाल बजाजही श्रोत्यांत होते. तारखा मांडून पाहिल्या तर सातवा अध्याय ३ एप्रिलला येतो आणि पंधरावा २९ मे रोजी. म्हणजे प्रवचनांचा गाभा अशा दिवसांत सांगितला गेला, जेव्हा धुळ्यात दुपारी भिंतीला हात लावला तरी चटका बसतो. सतरावा अध्याय १२ जूनला आला, मृगाच्या तोंडावर. त्याच अध्यायात गीता शरीराचे, वाणीचे आणि मनाचे असे तिहेरी तप सांगते आणि दंभाने देहाला पीडा देणाऱ्यांना बाजूस सारते. पार्श्वकुमारांनी कमठाला जे दाखवले त्याच्याशी हे किती जुळते, हे वेगळे सांगावयास नको.

भारतातील अनेक भाषांत गेलेल्या ‘गीता प्रवचने’ या ग्रंथाला उन्हाळ्याचा वास नाही, चिडीचा तर नाहीच. तुरुंगाची भिंत, उकाडा आणि कोंडलेला राग एवढे सामान हाताशी असताना त्यातून इतके शांत पुस्तक निघाले, ही त्या अठरा रविवारांची कमाई म्हणावी लागेल. साने गुरुजींचा पिंड विनोबांहून निराळा, तो पटकन द्रवणारा. पंढरपूरचे विठ्ठलमंदिर हरिजनांना खुले व्हावे म्हणून १९४७ मध्ये त्यांनी प्राणांतिक उपोषण आरंभले ते १ मे रोजी, ऐन वैशाखात, पंढरपूरच्या तनपुरे महाराजांच्या मठात. संपूर्ण महाराष्ट्र त्या उपोषणाने ढवळून निघाला आणि मंदिराची दारे उघडली. तीव्रता तीच होती, पण ती कोणाला भाजण्यासाठी नव्हती.

विनोबांचे जैन विचाराशी नाते पुढे अधिक दृढ झाले. भगवान महावीरांच्या २५०० व्या निर्वाणवर्षाच्या निमित्ताने, १९७४ मध्ये, सर्व संप्रदायांना मान्य होईल असा ‘समणसुत्तं’ हा ७५६ गाथांचा ग्रंथ तयार झाला तो त्यांच्याच प्रेरणेने. १९८२ च्या नोव्हेंबरात पवनार येथे त्यांनी अन्न, पाणी व औषध सोडले आणि १५ नोव्हेंबरला, दिवाळीच्या म्हणजे महावीर निर्वाणाच्या दिवशी, देह ठेवला.

आखाजी

खानदेशच्या उन्हाळ्याचा मुकुटमणी म्हणजे आखाजी. अक्षय्य तृतीयेला महाराष्ट्रात इतरत्र साडेतीन मुहूर्तांपैकी एक म्हणून मान आहे. खानदेशात ती दिवाळीच्या तोडीची आहे. सासुरवाशिणी माहेरी येतात, झाडांना झोके बांधले जातात, गौराईची गाणी होतात. पितरांच्या नावे पाण्याने भरलेली घागर पूजतात, तिच्यावर लहान मडके, त्यावर खरबूज, सांजोरी आणि आंबा ठेवतात. पुरणपोळी आणि आमरसाचे जेवण होते. शेतावरच्या सालदाराचे वर्ष याच दिवशी संपते आणि नव्याचा करार होतो. (पत्त्यांचे डावही याच दिवशी रंगतात, त्याविषयी येथे न बोललेले बरे.) वर्षातील सर्वांत तापलेल्या दिवसांत आपल्या मृतांना आठवावे ते पाण्याने, ही कल्पना केवळ उष्ण प्रदेशालाच सुचू शकते.

आणि याच दिवशी जैन समाजात वर्षीतपाचे पारणे असते. भगवान ऋषभदेवांनी फाल्गुन वद्य अष्टमीला दीक्षा घेतली. मुनीला आहार कसा द्यावा हे लोकांना ठाऊकच नव्हते. कोणी हत्ती आणून उभा करी, कोणी रत्ने. आहाराविना हिंडता हिंडता वर्ष उलटले. अखेर हस्तिनापुरास श्रेयांसकुमाराला पूर्वजन्मीच्या स्मरणाने आहारदानाचा विधी आठवला आणि त्याने घरी आलेल्या उसाच्या रसाचे घट भगवंतांच्या ओंजळीत रिते केले. दिवस वैशाख शुद्ध तृतीयेचा. श्वेतांबर परंपरेतील तपस्वी या स्मरणार्थ एकाआड एक दिवस उपवास करीत तेरा महिने आणि वर काही दिवस काढतात. दिगंबर परंपरेत हा दिवस दानतीर्थाच्या प्रवर्तनाचा मानला जातो. एकीकडे उपवासाचे स्मरण अधिक, दुसरीकडे देणाऱ्याचे, प्रसंग एकच.

खानदेशच्या दृष्टीने या काळाचा हिशेब मांडून पाहावा. फाल्गुन वद्य अष्टमीला आरंभ म्हणजे पहिला संपूर्ण उन्हाळा समोर. नंतर चातुर्मास, हिवाळा, आणि पुन्हा चैत्र लागून वैशाखाची तीज. एका वर्षीतपात येथील तपस्व्याला जवळजवळ दोन उन्हाळे भोगावे लागतात. सौराष्ट्रात किंवा मुंबईत हेच तप करणाऱ्याचा दिवस वेगळा आणि वरणगाव-भुसावळात करणाऱ्याचा वेगळा. अर्हन्नकाची गोष्ट येथे सांगावी ती यासाठी. आरंभीच्या उन्हाळ्यात तपस्व्याच्या सोबतीला घरातले कोणी जाणते असावे, उपवासाच्या दिवशी त्याला दुकानात किंवा चुलीपुढे कोणी बसवू नये, बेसण्याच्या दिवशी घाईने जेवू घालू नये. जुन्या बायका या गोष्टी नेमाने पाळीत असत.

ऋषभदेवांची १०८ फुटी मूर्ती खानदेशच्या उंबरठ्यावर, बागलाणातील मांगीतुंगी येथे अखंड पाषाणात कोरली गेली आणि २०१६ च्या फेब्रुवारीत तिची प्रतिष्ठा झाली. वैशाखातल्या दुपारी तो डोंगरच तापलेला असतो. तेथून बरोबर सात तिथी पुढे, वैशाख शुद्ध दशमीला, भगवान महावीरांचे केवलज्ञान कल्याणक येते. ते ज्ञान त्यांना झाले तेही कल्पसूत्राच्या वर्णनानुसार ऋजुवालिका नदीच्या काठी, निर्जल उपवासात, गोदोहिकासनात सूर्याची आतापना घेत असताना. सुमारे साडेबारा वर्षांच्या साधनेचा शेवट असा ग्रीष्मात झाला. मात्र त्या वर्णनात अग्नी पेटवलेला नाही. शेजारी नदी आहे आणि शाल वृक्ष आहे.

पारण्याच्या दिवशी खानदेशच्या एकाच गल्लीत दोन घागरी भरलेल्या दिसतात. शेजारच्या पाटलांच्या घरी पितरांची, आणि जैन घरी उसाच्या रसाची. तपस्व्याला रस देण्याचा पहिला मान घरच्या वडीलधाऱ्यांचा, मग नातलगांचा, मग शेजाऱ्यांचा. १०८ घटांची आठवण म्हणून चिमुकल्या चांदीच्या कलशांनी तो पाजतात. पाटलांकडची म्हातारी माणसेही रांगेत उभी राहून एक कलश देतात आणि जाताना तपस्व्याच्या पाया पडतात. त्यांच्याकडून आंबे येतात, इकडून रस जातो. दुपारी पंखे लागतात आणि पाहुणे लवंडतात. ज्यांनी सलग दुसरे वर्षीतप धरले आहे त्यांच्या घरी मात्र दुसऱ्या दिवशी पहाटे पुन्हा पाण्याचे पातेले चढलेले असते.